वासिल गेन्दोव्ह: नट मोठा की हौस मोठी?

रीळवेडा
मत आधीच सांगतो, मग खुशाल तुटून पडा. वासिल गेन्दोव्हला 'बल्गेरियाचा आद्य चित्रपटनट' म्हणून डोक्यावर घेतात, ते मला झेपत नाही. १३ जानेवारी १९१५ ला सोफियाच्या 'मॉडर्न थिएटर'मध्ये देशाचा पहिला कथापट लागला, 'बुल्गारान ए गलांत'. लेखक गेन्दोव्ह, दिग्दर्शक गेन्दोव्ह, नायकही गेन्दोव्हच! घरचंच लग्न, घरचाच नवरदेव. १९३३ मध्ये पहिला बल्गेरियन बोलपट 'गुलामांचं बंड' काढला, तेव्हाही नायक लेव्हस्कीची भूमिका स्वतःकडेच. बल्गेरियाचा क्रांतिकारक लेव्हस्की १८७३ मध्ये पस्तिशीत फासावर गेला. हे महाशय मात्र बोलपट काढताना चाळिशी ओलांडलेले.

तिसरी घंटा
म्हणजे मिरवायची हौस म्हणता? मग त्या पहिल्या सिनेमाची गोष्ट बघा. बुल्गारान नावाचा छानछोकी गडी रस्त्यात एका बाईच्या मागे लागतो. बाई पक्की. त्याला दुकानादुकानांतून फिरवते, पुडकी त्याच्या हातात देते. पुढे तिचा नवरा भेटतो. ती सांगते, हा सामान उचलणारा. आणि नवरा चक्क त्याच्या हातावर बक्षिशी ठेवतो! स्वतः लिहिलेल्या पहिल्याच सिनेमात स्वतःला हमाल ठरवून घेणारा माणूस मिरवतोय असं मला तरी वाटत नाही. आणि १९१५ च्या सोफियात कॅमेऱ्यासमोर उभं राहायला नटांची रांग लागली होती का?

रीळवेडा
गोष्ट मजेशीर आहे, मान्य. पण ती गोष्ट झाली, अभिनय कुठे दिसला? प्रत दुसऱ्या महायुद्धातल्या बॉम्बफेकीत गेली, उरले काही फोटो. फोटोवरून नट जोखायचा म्हणजे पत्रिकेवरून जेवणाची चव सांगण्यासारखं. शिवाय 'बल्गेरियन चित्रपटाचा काटेरी मार्ग' या आठवणी त्यानेच लिहिल्या. परीक्षार्थीच पेपर तपासणार?

तिसरी घंटा
१९१७ चा 'प्रेम म्हणजे वेडेपणा' शिल्लक आहे की! जपलेल्या बल्गेरियन कथापटांत सगळ्यात जुना. त्यातही तोच आहे. जोखायचं तर तिथे जोखा.

काठावरची
मधे बोलते, माफ करा. त्याच सिनेमात त्याची बायको झाना गेन्दोवा आहे. पुढेही ती त्याच्या सिनेमांतून काम करत राहिली. इतका वेळ भांडताय, पण तिचं नाव दोघांपैकी एकानेही काढलं नाही.

तिसरी घंटा
चुकलंच.

रीळवेडा
बरं, हे मात्र बिनशर्त मान्य. गेन्दोव्हबद्दल माझं मत तेच: चिकाटीला शंभर गुण. १९१५ ते १९३७, मधे एक महायुद्ध, तरी गडी सिनेमे काढतच होता. 'नट' हा शब्द मात्र मी अजून राखून ठेवतोय.

काठावरची
ठेवा. पण १९१७ चा तो सिनेमा पाहाल तेव्हा आधी तिच्याकडे बघा, मग त्याच्याकडे.