शिलाई मशीनच्या सुयांना 1943 मध्ये परवाना का नाकारला?

लक्ष्मीरोडचा_नातू
आजोबांचं पुण्यात शिलाई मशीनच्या सुट्या भागांचं दुकान होतं. जुने कागद आवरताना 1943 चा इम्पोर्ट लायसन्सचा अर्ज सापडला, सोबत नकाराचं पत्र. मागितल्या होत्या नुसत्या सुया. आजी सांगायची, लढाईआधी त्या जर्मनीहून यायच्या. शत्रूचा माल बंद झाला, हे समजतं. पण हा अर्ज अमेरिकन मालाचा आहे, आणि अमेरिका तर दोस्तांच्या बाजूची! सुयांनी सरकारचं काय घोडं मारलं होतं?

बंदरकाका
घोडं नाही मारलं, डॉलर मागितले.

मी क्लिअरिंगच्या धंद्यात आलो सत्तरच्या दशकात, पण आमचे थोरले शेठ त्या काळातले. ते म्हणायचे, लढाईत शत्रूपेक्षा जास्त त्रास मित्राच्या मालाचा.

सप्टेंबर 1939 ला लढाई सुरू होताच भारत संरक्षण नियमांखाली परकीय चलन रिझर्व्ह बँकेच्या ताब्यात गेलं. मे 1940 पासून आयातीवर परवाना आला. आधी ठरावीक वस्तूंनाच, आणि पौंडात व्यवहार होणाऱ्या मुलखातल्या मालाला बरीच सूट. 1942 उजाडल्यावर जवळपास सगळंच परवान्याखाली. कारणं दोन. एक, जहाजातली जागा: दारूगोळा आणि यंत्रं आधी, बाजाराचा माल उरलं तर. सुयांची पेटी केवढीशी, हे खरं; पण घड्याळवाला, चष्मेवाला, फाउंटन पेनवाला, प्रत्येकाची पेटी केवढीशीच होती.

दुसरं कारण डॉलर, आणि मला राग येतो तो इथे. ताग, चहा विकून आपण डॉलर कमवायचो, ते जायचे लंडनच्या सामाईक गंगाजळीत. बदल्यात आपल्या नावावर पौंड जमा. शिवाय इथल्या फौजेला पुरवलेल्या मालाचे पैसेही तिकडेच, पौंडात. लढाई संपली तेव्हा तिकडे आपले सुमारे 130 कोटी पौंड पडून होते, आणि तुमच्या आजोबांना सुयांपुरते डॉलर मिळत नव्हते!

पत्रात नकाराचं कारण कसं लिहिलंय ते बघा. जहाजाचं नाव काढलं असेल तर जागेची अडचण, चलनाचं नाव असेल तर डॉलरची. 'मागच्या आयातीचा पुरावा नाही' असंही असू शकेल. ज्याने आधी माल आणला त्यालाच कोटा, ही रीत तेव्हाच रुजली. नवा माणूस बाहेर, जुन्या पेढीचं उखळ पांढरं.

आणि लढाई संपली म्हणून परवाना संपला असं समजू नका. 1947 ला आयात-निर्यात नियंत्रणाचा स्वतंत्र कायदा आला, म्हणे तीन वर्षांपुरता. मुदतवाढ होत होत तो 1992 पर्यंत जगला. माझं अख्खं पोट त्याच्यावर भरलं, त्यामुळे फार शिव्या घालत नाही.

अकोल्याचा_रुईवाला
काका, सगळं बंदराच्या बाजूने सांगितलंत, निर्यातीचं पण बोला की. आमच्या वऱ्हाड-खानदेशच्या आखूड धाग्याच्या कापसाचं मोठं गिऱ्हाईक होतं जपान. जुलै 1941 मध्ये जपानची मालमत्ता गोठवली आणि तो धंदा एका झटक्यात बसला. पर्ल हार्बर व्हायला अजून चार-पाच महिने होते! गाठी प्रेसमध्ये पडून, अडत्या उचलीचे पैसे मागतोय, आणि लांब धाग्याचं बी एका हंगामात कुठून आणणार?

बंदरकाका
बरोबर आहे तुमचं. सरकारने 1942 मध्ये बाहेरून येणाऱ्या कापसावर जादा जकात लावून त्यातून कापूस निधी काढला होता, आखूड धागेवाल्यांच्या मदतीसाठी.

अकोल्याचा_रुईवाला
काढला असेल. आमच्या घरच्या वहीत उचल दिसते, मदत दिसत नाही.

लक्ष्मीरोडचा_नातू
पत्र पुन्हा वाचलं. चलनाचंच कारण आहे. खाली एक ओळ आहे, की ब्रिटनमधून मिळतात का ते पाहून नव्याने अर्ज करावा.

बंदरकाका
करायला सांगितलं म्हणजे मिळाल्या असं नाही. तिकडचे कारखानेही लढाईच्या कामाला जुंपलेले होते.