अल्पसंख्याक शाळेत मुख्याध्यापक नेमताना सेवाज्येष्ठता डावलता येते का?

खडूफळा (प्रश्न):
महाराष्ट्रातील एका शंभर टक्के अनुदानित माध्यमिक शाळेत मी तेवीस वर्षांपासून सहायक शिक्षिका आहे. शाळा एका भाषिक अल्पसंख्याक समाजाच्या विश्वस्त संस्थेची आहे, मी मात्र त्या समाजाची नाही. ज्येष्ठता यादीत माझे नाव पहिले आहे. मुख्याध्यापक निवृत्त झाल्यावर संस्थेने माझ्यापेक्षा बारा वर्षांनी कनिष्ठ असलेल्या सहकाऱ्याची मुख्याध्यापकपदी नेमणूक केली आणि शिक्षणाधिकाऱ्यांकडे वैयक्तिक मान्यतेचा (त्या नेमणुकीला मंजुरी देण्याचा) प्रस्ताव पाठवला. विचारणा केली तेव्हा "आपली शाळा अल्पसंख्याक आहे" एवढेच उत्तर मिळाले. सर्वांचे वेतन शासन देत असताना हे चालते का? शिवाय शाळेला अल्पसंख्याक दर्जाचे प्रमाणपत्र मी रुजू झाल्यानंतर कित्येक वर्षांनी मिळाले आहे, त्याने काही फरक पडतो का?

जुनी फाईल:
ताई, मी अशाच एका शाळेतून मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालो, त्यामुळे आपला प्रश्न मला दोन्ही बाजूंनी ठाऊक आहे. इतर खाजगी शाळांत तेथील कर्मचाऱ्यांसाठीच्या १९८१ च्या सेवाशर्ती नियमावलीतील नियम ३ नुसार, अर्हता आणि समाधानकारक सेवा असलेल्या सर्वांत ज्येष्ठ शिक्षकालाच मुख्याध्यापक करावे लागते. मात्र ज्या १९७७ च्या अधिनियमाखाली ही नियमावली झाली, त्याच्या कलम ३(२) मध्ये असे म्हटले आहे की अल्पसंख्याक शाळेच्या प्रमुखाच्या भरतीला आणि संस्थेने संचालकांना किंवा उपसंचालकांना नावे कळवलेल्या आणखी जास्तीत जास्त तीन व्यक्तींच्या भरतीला हा अधिनियम लागू होणार नाही. केवळ ज्येष्ठतेच्या आधारावर आपला दावा टिकणे त्यामुळे कठीण आहे.

अनुदानाचा मुद्दाही न्यायालयांनी निकाली काढलेला आहे. केरळमधील एमजे हायस्कूलच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली सांगितले की अल्पसंख्याक संस्था पात्र मुख्याध्यापक आपल्या शिक्षकांतून निवडू शकते, तसाच बाहेरूनही आणू शकते. पुढे २००६ मध्ये मलंकारा सीरियन कॅथॉलिक कॉलेजच्या निकालात प्राचार्यांची निवड हा संस्था चालवण्याच्या हक्काचा सर्वांत महत्त्वाचा भाग मानला गेला आणि अनुदान घेतल्याने तो हक्क कमी होत नाही, हेही स्पष्ट झाले. प्रमाणपत्राच्या तारखेवरही फार विसंबू नका, कारण शासनाची घोषणा ही आधीपासून असलेल्या वस्तुस्थितीची केवळ पोच असते, असे त्याच १९९८ च्या निकालात म्हटले आहे.

कार्यकारिणी सदस्य:
मी अशा एका संस्थेच्या कार्यकारिणीवर आहे. संविधानाच्या अनुच्छेद ३०(१) ने अल्पसंख्याकांना दिलेला शिक्षणसंस्था चालवण्याचा हक्क ज्येष्ठता यादीपुढे मोडत असेल, तर त्याला हक्क म्हणण्यात अर्थ उरत नाही. शाळेची भाषा आणि वळण कोणाच्या हाती सुरक्षित राहील हे ठरवण्याची मुभा संस्थेलाच हवी. तरीही ज्येष्ठ शिक्षिकेला एका ओळीचे उत्तर देऊन परत पाठवणे मला पटत नाही. आम्ही अशा वेळी सर्व पात्र शिक्षकांना मुलाखतीस बोलावतो आणि निवडीची कारणे ठरावात लिहितो. कायदा तसे सांगो न सांगो, ज्या शिक्षकांच्या बळावर शाळा उभी आहे त्यांच्याशी उद्याही बोलायचे असते.

कलम-परिच्छेद:
वरील माहिती बरोबर असली, तरी त्यातून "अल्पसंख्याक म्हटले की सारे माफ" असा जो अर्थ निघतो, तो मला मान्य नाही. अनुच्छेद ३० मधील हक्क शाळा स्थापन करण्याचा आणि चालवण्याचा आहे आणि १९६७ च्या अझीझ बाशा निकालापासून (कायद्याने स्थापन झालेले अलीगढ मुस्लिम विद्यापीठ ही अल्पसंख्याकांनी स्थापन केलेली संस्था नाही, असे त्यात म्हटले होते) न्यायालय या दोन्ही गोष्टी पाहत आले आहे. त्याच विद्यापीठाच्या प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या पीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये तो जुना निकाल बहुमताने बाजूला ठेवला खरा, पण संस्था कोणाच्या कल्पनेतून, कोणाच्या पैशातून आणि कोणासाठी उभी राहिली, हे प्रश्न त्यानंतरही विचारावेच लागतात. आपल्या संस्थेचा मूळ विश्वस्तलेख पाहिला आहे का? मूळची सर्वसाधारण संस्था पुढे एका समाजाच्या विश्वस्तांच्या हाती गेली असेल, तर प्रमाणपत्रालाच आव्हान देता येईल.

दुसरी गोष्ट पात्रतेची. निवडीचे स्वातंत्र्य पात्र व्यक्तींमधून निवडण्याचे आहे आणि किमान अर्हता ठरवण्याचा शासनाचा अधिकार न्यायालयांनी कायम ठेवला आहे. नेमलेल्या सहकाऱ्यांचा अनुभव कोणत्या विभागातील आहे?

खडूफळा:
सर्वांचे आभार. ठराव वाचायला मिळालेला नाही. विश्वस्तलेख १९५० च्या दशकातला असून त्यात त्या भाषक समाजाचा स्पष्ट उल्लेख आहे, त्यामुळे त्या बाजूने जाण्यात मला अर्थ दिसत नाही. अनुभवाचे विचाराल तर सहकाऱ्यांच्या अकरा वर्षांपैकी आठ वर्षे संस्थेच्याच प्राथमिक शाळेत गेली आणि माध्यमिकमध्ये त्यांना जेमतेम तीन वर्षे झाली आहेत.

कलम-परिच्छेद:
मग आपला खरा मुद्दा ज्येष्ठतेचा नसून हाच आहे. नियम ३ प्रमाणे माध्यमिक शाळेच्या प्रमुखाला पदवीनंतर माध्यमिक शाळेतील किंवा अध्यापक विद्यालयातील किमान पाच वर्षांचा पूर्णवेळ अनुभव लागतो आणि त्यातील दोन वर्षे बी.एड. नंतरची असावी लागतात. संस्था म्हणेल की कलम ३(२) मुळे हा नियम तिला बांधीलच नाही. त्यावर आपले उत्तर असे हवे की न्यायालयांनी "पात्र" व्यक्तीच्या निवडीला संरक्षण दिले आहे आणि पात्रतेचे दुसरे माप संस्थेने दाखवलेले नाही. शिक्षणाधिकाऱ्यांनी मान्यता देण्यापूर्वीच ही हरकत सेवापुस्तकातील नोंदींचा हवाला देऊन लेखी नोंदवा आणि पोच घ्या. प्रस्तावाच्या प्रती माहिती अधिकारात मागा. पदोन्नतीत डावलल्याबद्दल १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते, पण त्याची मुदत ३० दिवसांची आहे. ती अर्जांची उत्तरे येण्याची वाट पाहत थांबत नाही, म्हणून वकिलांची भेट याच आठवड्यात घ्या.

जुनी फाईल:
आणि ताई, हरकतीत सहकाऱ्याविषयी एक शब्दही वाकडा लिहू नका. निकाल काहीही लागला तरी शिक्षक खोली एकच आहे.