वढाळ मन आणि बंडखोर दिल

प्रश्न (खानापूर)
गेल्या महिन्यात निपाणीकडच्या एका उरुसात मी रात्रभर कव्वाली ऐकली. आपले हृदय कोणाचेच ऐकत नाही, ही तक्रार अनेक रचनांमध्ये होती. पण गाणारे ती अभिमानाने मांडत होते. आपल्याकडे मात्र बहिणाबाई मनाला उभ्या पिकात शिरणारे वढाळ ढोर म्हणतात आणि समर्थ त्याच मनाला ‘सज्जना’ म्हणत समजावतात. जे आवरायला आपण शिकलो, त्याचा उर्दू काव्यात गौरव का होतो?

उत्तर (शहापूर, बेळगाव)
आमच्या घरी दखनी (दख्खनची उर्दू) बोलली जाते आणि माझे शिक्षण मराठीतून झाले, त्यामुळे याच प्रश्नाशी मी अनेक वर्षे झटलो आहे. माझ्या मते मराठीतले ‘मन’ दोन निराळ्या गोष्टी एकाच शब्दात सामावून घेते. वासनेकडे धावणाऱ्या वृत्तीला सूफी ‘नफ्स’ म्हणतात आणि तिला लगाम घालायलाच सांगतात. बहिणाबाईंचे ढोर ते हेच. ‘दिल’ मात्र त्यांच्या लेखी आरसा आहे, जो घासून लख्ख केला की त्यात परमेश्वराचे रूप उमटते. हे दिल बंड करते ते हिशेबी अक्कलेविरुद्ध आणि कोरड्या कर्मकांडाविरुद्ध. प्रियतमापुढे ते संपूर्ण शरण असते. गझलेत उपदेश करणारे वाइज आणि नासेह पुन्हा पुन्हा येतात, ते या बंडाला समोर कोणीतरी हवे म्हणून. ‘अनल हक’ (मीच सत्य, म्हणजे ईश्वर) या उद्गारासाठी ओळखल्या जाणाऱ्या सूफी मन्सूर हल्लाजला ९२२ साली बगदादमध्ये देहदंड झाला, आणि पुढच्या कवींनी त्याच वधस्तंभाला प्रेमाचे सर्वोच्च स्थान मानले.

उत्तर (चिकोडी)
हा भेद मला मान्य आहे, परंतु प्रत्येक बंडखोर दिलाला ईश्वरापर्यंत नेऊ नये. ‘दिल ही तो है न संग-ओ-खिश्त’ असे गालिब म्हणतात, तेव्हा हृदय म्हणजे दगडविटा नव्हेत, ते वेदनेने भरून येणारच, एवढाच त्यांचा साधा मानवी दावा आहे. उर्दू कवी इकबाल तर अक्कलेचा पहारा चांगला मानतात. दिलाला कधीमधी एकटेही सोडावे, इतकेच त्यांचे मागणे आहे.

प्रश्नकर्ता
आपणा दोघांचा मी मनापासून आभारी आहे. आता तुकोबांचे अभंग पुन्हा वाचावेसे वाटतात, कारण तेथे भक्त उपदेशकाला सोडून थेट विठ्ठलाशीच भांडतो. त्या भांडणाला दिलाचे बंड म्हणता येईल का?