दरारा म्हणजे स्थान नव्हे : महासत्तापद गेल्यानंतरचा रशिया

अभ्यागत (धागालेखक)

डिसेंबर १९९१ मध्ये सोव्हिएत संघ विसर्जित झाला तेव्हा संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेतील कायमची जागा आणि नकाराधिकार एकट्या रशियाच्या वाट्याला आले, आणि पुढच्या काही वर्षांत युक्रेन, बेलारूस व कझाकस्तान येथील अण्वस्त्रेही त्याच्याच ताब्यात गेली. घर फुटले, पण तिजोरीच्या किल्ल्या थोरल्याकडेच राहिल्या. त्या किल्ल्या हाती असल्यामुळेच रशियाच्या परराष्ट्र धोरणाने स्वतःची मोठी फसगत करून घेतली आहे, असे माझे मत आहे. इतरांना अडवता येणे म्हणजेच जगात स्थान असणे, अशी त्याची समजूत झाली.

२४ मार्च १९९९ रोजी रशियाचे तत्कालीन पंतप्रधान येवगेनी प्रिमाकोव वॉशिंग्टनला निघाले होते. विमान अटलांटिकवर असताना युगोस्लाव्हियावर नाटोचा हवाई हल्ला आता टळत नाही असे त्यांना कळले आणि त्यांनी विमान तिथूनच मॉस्कोकडे माघारी वळवले. सुरक्षा परिषदेची संमती न घेता तो हल्ला झाला. कालपरवापर्यंत ज्याच्या मर्जीशिवाय युरोपात पान हलत नव्हते, त्या देशाला किती खोल ओरखडा उमटला असेल हे मी समजू शकतो, आणि त्या दिवशी विमान वळवण्यात काहीही गैर नव्हते.

गैर झाले ते पुढे. १९९४ च्या बुडापेस्ट येथील सामंजस्यपत्रात युक्रेनने अण्वस्त्रे सोडण्याच्या बदल्यात त्याच्या सीमांचा आदर राखण्याची हमी रशियाने, अमेरिका व ब्रिटनसह, लेखी दिली होती. ती २०१४ मध्ये रशियाने क्रिमिया घेतला तेव्हा मोडली गेली आणि २४ फेब्रुवारी २०२२ रोजी युक्रेनवर स्वारी झाली तेव्हा तिचा मागमूसही उरला नाही. हे युद्ध नाटोला दूर ठेवण्यासाठी होते असे मानले, तर हिशेब उघड आहे. रशियाला सुमारे १,३४० किलोमीटर सीमा लागून असलेला फिनलंड ४ एप्रिल २०२३ रोजी नाटोत गेला आणि दोन शतके कोणत्याही लष्करी गटात न गेलेला स्वीडन ७ मार्च २०२४ रोजी त्याच्यामागे गेला. आर्मेनिया हा तर मॉस्कोच्या संरक्षण करारातला सदस्य, त्याच्या भूमीवर रशियाचा लष्करी तळ. पण सप्टेंबर २०२३ मध्ये अझरबैजानने नागोर्नो-काराबाख घेतले आणि एक लाखाहून अधिक आर्मेनियन घरेदारे सोडून निघाले, तेव्हा तिथले रशियन शांतिसैनिक पाहत राहिले. पुढच्याच वर्षी आर्मेनियाने त्या करारातील आपला सहभाग गोठवला. २०१५ पासून ज्यांच्यासाठी रशियन विमाने लढली ते सीरियाचे असद डिसेंबर २०२४ मध्ये मॉस्कोच्या आश्रयाला आले. भूभाग वाढला आणि आपण होऊन सोबत राहणारे घटले, याला मी महासत्तेचे धोरण म्हणू शकत नाही.

मांडवीकाठ

आपला लेख अभ्यासपूर्ण आहे, पण मी गोव्याचा आहे आणि इथून हे चित्र वेगळे दिसते, ते नीट मांडतो.

१८ डिसेंबर १९६१ रोजी भारतीय सैन्य गोव्यात शिरले आणि त्याच दिवशी सुरक्षा परिषदेत अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स व तुर्कस्तान यांनी ठराव आणला, की लढाई तत्काळ थांबवावी आणि भारताने आपले सैन्य पूर्वीच्या जागी मागे घ्यावे. त्या ठरावाच्या बाजूने सात मते पडली. विरोधात सिलोन (आजची श्रीलंका), लायबेरिया, संयुक्त अरब प्रजासत्ताक (तेव्हाचा इजिप्त) आणि सोव्हिएत संघ अशी चार होती. सोव्हिएत प्रतिनिधी झोरिन यांचे ते एक मत नकाराधिकाराचे नसते तर ठराव संमत झाला असता. आमचे आजोबा त्या रात्री डिचोलीत शेजाऱ्यांच्या रेडिओपाशी बसून होते, आणि मरेपर्यंत ते सांगत, की आम्हाला सैन्याने सोडवले खरे, पण सोडवू दिले रशियाने. १९७१ मध्येही ९ ऑगस्टच्या भारत-सोव्हिएत मैत्री करारानंतर, डिसेंबरातल्या बांगलादेश युद्धात मॉस्कोनेच सुरक्षा परिषदेत पुन्हा पुन्हा आपली पाठराखण केली. ज्या अडवण्याच्या ताकदीला आपण फसगत म्हणता, तिच्यामुळे आम्ही आज भारतात आहोत.

दुसरे असे, की रशियाच्या चुका मोजताना आपण पाश्चात्त्यांच्या चुका एका वाक्यात आटोपल्या. १९९९ मध्ये पोलंड, हंगेरी व झेक प्रजासत्ताक नाटोत गेले, २००४ मध्ये बाल्टिक देशांसह आणखी सात गेले, आणि एप्रिल २००८ मध्ये बुखारेस्टला नाटोने जाहीर केले, की युक्रेन व जॉर्जियाही सदस्य होतील. कधी होतील ते सांगितले नाही आणि तोवर त्यांचे रक्षण कोण करील तेही सांगितले नाही. मधल्या काळात २००३ मध्ये सुरक्षा परिषदेला डावलून इराकवर स्वारी झाली. नियम मोडण्याचा पायंडा कोणी पाडला, हे आफ्रिकेत आणि आशियात लोक विसरलेले नाहीत. मार्च २०२२ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत रशियाच्या निषेधाला १४१ देशांनी पाठिंबा दिला हे खरे, पण ३५ देश तटस्थ राहिले आणि त्यांत भारत व चीन होते. माणसांची मोजदाद केली तर जग एका बाजूला आणि रशिया दुसऱ्या बाजूला, असे चित्र निघत नाही.

यंत्रशाळा

माझी सारी नोकरी जहाजांच्या इंजिनांवर गेली, म्हणून या चर्चेत एक गोष्ट जोडतो, जी पुस्तकी वादात निसटते. आपण ज्याला 'रशियाची मदत' म्हणतो ती सोव्हिएत संघाची होती, आणि सोव्हिएत संघ म्हणजे केवळ रशिया नव्हे.

नौदलाच्या राजपूत वर्गाच्या विनाशिका बांधल्या गेल्या त्या मिकोलायिव्ह येथे, म्हणजे आजच्या युक्रेनमध्ये, आणि त्यांच्या पोटातली गॅस टर्बाइनही त्याच शहरातली. इंजिनकक्षातल्या पितळी पट्ट्यांवरची रशियन अक्षरे वाचता वाचता आम्ही ती लिपी शिकलो. पण १९९१ नंतर एखादी सील किंवा एखादे पाते हवे झाले, की पत्र कोणत्या देशाला लिहायचे इथून सुरुवात होई, आणि सुट्या भागाची वाट पाहत यंत्र महिनोन्‌महिने उघडे पडून राहिलेले मी पाहिले आहे.

हीच गोष्ट अलीकडे पुन्हा घडली. आयएनएस तुशील ही युद्धनौका रशियातील कलिनिनग्राड येथे बांधली गेली, पण तिची टर्बाइन युक्रेनची. २०१४ नंतर युक्रेनने रशियाला टर्बाइन देणे बंद केले, तेव्हा भारताने ती युक्रेनकडून स्वतः विकत घेऊन रशियन गोदीत पोहोचवली. ९ डिसेंबर २०२४ रोजी नौका आपल्या ताफ्यात आली. एकमेकांच्या उरावर बसलेल्या दोन देशांच्या हातचे काम एकाच सांगाड्यात घेऊन ती समुद्रात फिरते आहे. तेव्हा १९६१ च्या उपकाराची फेड करायची म्हटली, तर तिच्यातला वाटा मिकोलायिव्हच्या कारागिरालाही द्यावा लागेल.

आणखी एक. १९९३ मध्ये क्रायोजेनिक (अतिशीत इंधनावर चालणाऱ्या) रॉकेट इंजिनाचे तंत्रज्ञान देण्याच्या करारातून रशियाने अमेरिकी दबावाखाली अंग काढून घेतले आणि इस्रोला फक्त तयार इंजिने दिली. मैत्री होती, करार होता, तरी वेळ आली तेव्हा मॉस्कोने आपला हिशेब आधी पाहिला. त्यात मी दोष देत नाही. आपणही तसेच पाहावे एवढेच म्हणतो.

मांडवीकाठ

टर्बाइनचा मुद्दा मला मान्य आहे आणि तो मी स्वतः कधी लक्षात घेतला नव्हता. क्रायोजेनिकचा मात्र उलटा अर्थ लागतो. १९९३ चा रशिया कर्जबाजारी होता, पाश्चात्त्यांच्या मदतीकडे डोळे लावून बसला होता, म्हणूनच तो वाकला. वॉशिंग्टनपुढे मान न तुकवणारा रशिया भारताच्या उपयोगाचा आहे. २०२२ नंतर आपण त्याच्याकडून घेतलेले तेल त्याचीच साक्ष देते. युद्धापूर्वी आपल्या आयातीत रशियन तेल नगण्य होते, ते दोन वर्षांत तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास पोहोचले.

अभ्यागत

वॉशिंग्टनपुढे न वाकणारा रशिया बीजिंगपुढे किती ताठ उभा राहील, हा माझा प्रश्न आहे. २०२३ मध्ये चीन व रशिया यांचा व्यापार २४० अब्ज डॉलरवर गेला. रशियासाठी ही जीवनरेषा आहे. चीनच्या अवाढव्य व्यापारात मात्र तो एक लहान वाटा आहे. युरोपात जाणारा बहुतेक वायू थांबला, तेव्हा विकत घेणारा एकच मोठा ग्राहक उरला, आणि एकच ग्राहक असलेल्या दुकानदाराला भाव ठरवता येत नाही, हे कोणत्याही बाजारपेठेत दिसते.

ऑक्टोबर १९६२ आठवा. गोव्याच्या नकाराधिकाराला जेमतेम दहा महिने झाले होते. चीनने आपल्यावर हल्ला केला, त्याच वेळी क्युबातील सोव्हिएत क्षेपणास्त्रांवरून अमेरिकेशी पेच उभा होता, आणि मॉस्कोला बीजिंग दुखवायचे नव्हते. सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाच्या 'प्रावदा' या मुखपत्राने चीनच्या प्रस्तावांना अनुकूल अग्रलेख लिहिला आणि क्युबाचे संकट निवळल्यावर सूर बदलला. तेव्हा तर सोव्हिएत संघ चीनपेक्षा कितीतरी बलाढ्य होता. आज पारडे फिरले आहे, आणि लडाखमध्ये पुन्हा गलवानसारखा प्रसंग आला तर मॉस्को काय करील याची खात्री मला वाटत नाही.

मराठवाडा

मी राजकारणावर सहसा लिहीत नाही. माझी मुलगी खारकीवला वैद्यकीयच्या तिसऱ्या वर्षाला होती. २ मार्च २०२२ रोजी दूतावासाची सूचना आली, की काही झाले तरी संध्याकाळी सहापर्यंत शहर सोडून पिसोचिन, बाबाई किंवा बेझल्युदिव्का यांपैकी कुठेही पोहोचा, वाहन नसेल तर चालत जा. आदल्याच दिवशी तिथे एक भारतीय विद्यार्थी गोळाबारीत मारला गेला होता. ती बर्फातून चालत निघाली. पाठीवरच्या पिशवीत कागदपत्रे, बिस्किटांचा पुडा आणि बाटलीभर पाणी, एवढेच होते. मोबाइलची बॅटरी वाचवण्यासाठी ती तासातून एकदा 'चालतेय' एवढा एकच शब्द पाठवत होती.

मला सांगायचे आहे ते तिच्या घरमालकीणबाईंविषयी. खारकीव हे रशियन बोलणारे शहर. या बाई आयुष्यभर रशियन बोलल्या, मुलीला मोडकीतोडकी रशियन त्यांनीच शिकवली, त्यांची सख्खी बहीण सीमेपलीकडे बेल्गोरोदला राहते. आजही त्या मुलीला अधूनमधून निरोप पाठवतात, पण युक्रेनियनमध्ये. मुलीला ती भाषा येत नाही हे त्यांना ठाऊक आहे, म्हणून खाली इंग्रजी भाषांतर जोडतात. रशियन भाषिकांच्या रक्षणासाठी हे युद्ध आहे असे मॉस्को सांगत होते. या एका रशियन भाषिक बाईला त्याने कायमचे गमावले आहे, आणि अशा किती असतील याचा मी विचार करते.

मांडवीकाठ

ताई, आपला प्रतिसाद वाचून बराच वेळ काही लिहावेसे वाटले नाही. मुलगी सुखरूप परतली याचे समाधान वाटते. शहरांवरच्या गोळाबारीचे समर्थन मी करत नाही, करणारही नाही. माझा वाद अभ्यागत यांच्याशी आहे, तो एवढाच, की क्रिमियाला बुडापेस्टच्या एका कागदाने मोजू नये. तो प्रदेश १९५४ मध्ये मॉस्कोतील एका निर्णयाने रशियाकडून युक्रेनकडे दिला गेला, एकाच देशातल्या जिल्ह्याची हद्द बदलावी तसा. तिथल्या लोकांना कोणी विचारले नव्हते.

अभ्यागत

१९५४ मध्ये विचारले नव्हते, पण १ डिसेंबर १९९१ रोजी विचारले. स्वतंत्र युक्रेनच्या बाजूने देशभरात नव्वद टक्क्यांहून अधिक मते पडली, आणि क्रिमियातही, काठावरचे का होईना, ५४ टक्के मतदान त्याच बाजूने झाले. मे १९९७ मध्ये येल्त्सिन यांनी कीव येथे मैत्री करारावर सही करून त्या सीमा पुन्हा मान्य केल्या.

आपण गोव्याचे म्हणून एक गोष्ट मुद्दाम विचारतो. १९५१ मध्ये पोर्तुगालने राज्यघटनेत दुरुस्ती करून गोव्याला वसाहतीऐवजी 'सागरपार प्रांत' म्हटले, आणि हा आमचाच भूभाग आहे, येथे परकीयांचा संबंध नाही, असे तो जगाला सांगत राहिला. राजधानीने कागदावर काही लिहिले म्हणून एखादी भूमी तिची होत नाही, या भूमिकेमागे झोरिन यांचा नकाराधिकार उभा होता. २०२२ च्या सप्टेंबरात युक्रेनचे चार प्रांत मॉस्कोने कागदावर आपले करून घेतले, आणि ते चारही तेव्हा पुरते त्याच्या ताब्यातही नव्हते. सोव्हिएत संघाने आपल्यासाठी जे तत्त्व मांडले, ते त्याच्या वारसदाराने स्वतःच्या शेजाऱ्याला नाकारले.

मांडवीकाठ

चार प्रांतांबाबत माझ्याकडे उत्तर नाही. क्रिमियाबाबत मात्र माझे मत कायम आहे. सेवास्तोपोलचा नौदल तळ हा रशियासाठी तत्त्वाचा नव्हे, जिवाचा प्रश्न होता, आणि फेब्रुवारी २०१४ मध्ये कीवमधले सरकार पालटले तेव्हा तो तळ हातून जाईल अशी भीती मॉस्कोला खरोखरच वाटली असणार.

अभ्यागत

ती भीती खोटी होती असे मी म्हणत नाही. पण २०१० मध्ये झालेल्या कराराने त्या तळाची मुदत २०४२ पर्यंत वाढवलेली होती, आणि तो करार ज्या शहरात झाला ते वर ताईंनी लिहिलेले खारकीवच.