मदत हवी आहे: करारावर सही नसलेल्या देशाला त्या कराराची झळ कशी लागते?

नमस्कार मंडळी. मी मुंबईत एलएलएम करतेय. प्रबंधाचा विषय आहे आंतरराष्ट्रीय करार आणि त्रयस्थ राष्ट्रं, म्हणजे करारात सामील नसलेली राष्ट्रं.

१९६९ च्या व्हिएन्ना कराराचं (राष्ट्रांमधल्या करारांचे नियम सांगणारा करार) कलम ३४ स्पष्ट आहे: संमतीशिवाय त्रयस्थ राष्ट्रावर ना बंधन, ना त्याला हक्क. कलम ३५ नुसार बंधन लादायचं तर त्या राष्ट्राची लेखी मान्यता लागते. (भारत स्वतः या कराराचा पक्षकार नाही, तरी यातले बरेच नियम रूढीजन्य कायदा, म्हणजे राष्ट्रांच्या रूढ वागण्यातून बंधनकारक झालेला कायदा, म्हणून मानले जातात. करारातला नियम रूढी म्हणून त्रयस्थ राष्ट्रालाही लागू होऊ शकतो, ही कलम ३८ ची वाट ती हीच.)

इथवर समजलं. अडलंय ते २००६ च्या सागरी कामगार करारापाशी (जहाजावरच्या कामगारांचे हक्क आणि कामाच्या अटी ठरवणारा करार). माझा दादा जहाजावर असतो, म्हणून हा प्रश्न मला फक्त परीक्षेपुरता वाटत नाही. या कराराच्या कलम ५ प्रमाणे, करार मंजूर न केलेल्या देशाचा झेंडा लावलेल्या जहाजाला सदस्य देशाच्या बंदरात, सदस्य देशांच्या जहाजांपेक्षा जास्त सवलत द्यायची नाही. म्हणजे झेंड्याच्या देशाने काहीच कबूल केलेलं नसताना त्याच्या जहाजावर तपासणी होते, प्रसंगी जहाज अडकूनही पडतं. भारत २०१५ पासून सदस्य आहे, म्हणजे आपल्या बंदरांतही हेच.

मग हा कलम ३४ चा अपवाद म्हणायचा का? मला वाटतं, नाही. बंदर ज्याचं, अधिकार त्याचा. बंधन राष्ट्रावर नव्हे, जहाजावर येतं. पण मार्गदर्शक सरांना हे पटत नाही.

कुणी सागरी कायद्यात काम करतं का? बंदरात तपासणी प्रत्यक्ष पाहिलेल्यांनी तर जरूर सांगा. प्रबंध पुढच्या महिन्यात द्यायचा आहे.