नाशवंत माल जप्त झाला तर कोर्टाने तो लगेच सोडावा का?

बंदरावरचा
ओळखीतल्या एका आयातदाराचा संत्र्यांचा रीफर (थंड ठेवणारा) कंटेनर कस्टमने अडवला. संशय किंमत कमी दाखवल्याचा. फळाबद्दल तक्रार नव्हती. हायकोर्टाने बाँड (हमीपत्र) आणि बँक गॅरंटीवर माल सोडायला सांगितलं, तोवर बाविसावा दिवस उजाडला होता. मधे तपासणीच्या गडबडीत प्लगही निघालेला. दार उघडलं तर खालच्या पेट्यांचे तळ ओले, आणि फळाला हात लावला की हिरव्या बुरशीची भुकटी बोटांना. गॅरंटी मात्र अख्ख्या मालाची!

सीमाशुल्क कायद्यात 110अ कलम 2006 पासून आहे. बाँड घेऊन जप्त माल तात्पुरता सोडायचा अधिकार खात्याकडेच आहे. मग हायकोर्टात रिट याचिका करायची वेळ का येते? वाद नुसता पैशाचा आणि माल नासणारा असेल, तर पहिल्याच तारखेला सोडावा असं माझं मत.

निवृत्त खातेवाला
पहिल्या तारखेला सोडा म्हणणं सोपं आहे. गाडी सोडली तर पुन्हा आणता येते, फळं दोन दिवसांत लोकांच्या पोटात. एकदा बाँडची वसुली करायला दिलेल्या पत्त्यावर गेलो, तर तिथे झेरॉक्सचं दुकान. दुकानदाराने चहा पाजला, एवढीच वसुली.

शिवाय आज किंमतीचा वाद असतो, उद्या नमुन्यात भलतंच निघतं. अन्नसुरक्षा कायद्यात आयात मालाच्या नमुन्यावर अहवाल द्यायला विश्लेषकाला 5 दिवस आहेत. ते व्हायच्या आत सोडायचं?

बंदरावरचा
खाण्यालायक आहे की नाही असा संशय असेल तर सोडू नका, मी कुठे नाही म्हणतो? पण किंमतीच्या केसमध्ये ऐनवेळी आरोग्याचा मुद्दा काढायचा, हे नेहमीचंच झालंय.

काळा कोट
दोघेही सीमाशुल्क कायद्याचंच 110(1अ) कलम विसरताय. अधिसूचित नाशवंत माल जप्तीनंतर लगेच विकता येतो. आधी यादी करून मॅजिस्ट्रेटकडून ती प्रमाणित करायची, त्यांच्यासमोर फोटो आणि नमुने घ्यायचे. पुढे तेच पुरावा म्हणून चालतात. त्यामुळे 'पुरावा जाईल' ही सबब टिकत नाही. मुद्देमाल पोलीस ठाण्यात कुजत ठेवू नका, हे सुप्रीम कोर्टाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 मध्येच सांगितलं.

फौजदारी केसमध्ये आता नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 497 आहे: माल कोर्टापुढे आल्यापासून 14 दिवसांत यादी, पुढच्या 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश. लोखंडी सळ्यांना ठीक आहे. मेथीच्या जुडीला काय उपयोग?

आणि जीवनावश्यक वस्तू कायद्यात जप्ती असेल तर कोर्टाकडे धावू नका. 6ई कलमाने तो अधिकार मुख्यतः जिल्हाधिकाऱ्यांकडे आहे.

खडूस वाचक
विकता येतो म्हणजे लिलाव ना? जप्तीचा माल म्हटल्यावर बोली लावणारे आपसात ठरवूनच येतात. खर्च आणि शुल्क वळतं करून मालकाला उरतो बाबाजी का ठुल्लू. केस जिंकूनही हरलेला तोच.

जीएसटीवाल्यांचं बरं आहे. नियम 141: मालाचा बाजारभाव किंवा कर, व्याज, दंड, यांतली जी रक्कम कमी असेल ती भरा आणि माल लगेच घेऊन जा. बाँड नाही, झेरॉक्सचं दुकान नाही. कस्टमला हेच लावा की!

निवृत्त खातेवाला
रोख भरून नेणार असतील तर माझी हरकत नाही, हे लिहून ठेवा. पण जो माणूस किंमतच खोटी दाखवतो असा आरोप आहे, त्याच्या मालाचा बाजारभाव ठरवणार कोण?

बंदरावरचा
त्या दिवशीचा घाऊक बाजारातला भाव घ्या.

निवृत्त खातेवाला
कुठल्या प्रतीचा? वरच्या पेटीतल्या संत्र्याचा की तुमच्या त्या खालच्या थरातल्या?