मियुकी कुवानो : सुरुवात कोणत्या चित्रपटापासून करावी?

निशिगंध : नमस्कार. जपानी अभिनेत्री मियुकी कुवानो यांचा जन्म 1942चा. शोचिकु कंपनीच्या चित्रपटांतून त्या पुढे आल्या आणि तिशी गाठण्याआधीच पडद्यापासून दूर झाल्या. रविवारी दुपारी आईसोबत त्यांचा एक चित्रपट पाहायचा आहे. हाताशी दोनच तास आहेत आणि आईला मारहाण पाहवत नाही. कोणता पाहावा?

पारिजात : 'रेड बिअर्ड' (1965). लांबी 185 मिनिटे आहे, पण एक मिनिटही कमी करू नका. पाठीवर मूल बांधलेली ओनाका गर्दीत जुन्या नवऱ्यासमोर येते आणि वाऱ्याने बाजारातल्या साऱ्या घंटिका एकदम किणकिणू लागतात, तेव्हा कुवानोंच्या चेहऱ्यावर जे उमटते ते मी आजवर विसरलेलो नाही. परदेशातून मागवलेली डिस्क आमच्या प्लेअरवर चालली नाही, म्हणून मी नवा प्लेअर घेतला. तो खर्च सार्थकी लागला.

रानवारा : तीन तास कशाला? दिग्दर्शक ओशिमांचा 'क्रुएल स्टोरी ऑफ यूथ' (1960) 96 मिनिटांत संपतो. नायक तिला पाण्यात ढकलतो आणि ती तरंगत्या ओंडक्यांना धरू पाहते, तेव्हा तिचे हात झिडकारतो. खरी कुवानो तिथेच दिसते.

कस्तुरी : ओशिमांचाच, त्याच वर्षीचा 'नाइट अँड फॉग इन जपान' पाहा. त्यात त्या नववधू आहेत. सरकारने त्यावर बंदी घातली होती.

रानवारा : सरकारने नव्हे. समाजवादी नेते असानुमा यांची हत्या झाली त्याच सुमारास शोचिकुनेच तो चित्रपटगृहांतून मागे घेतला. ओशिमांचा संताप कंपनीवर होता.

पारिजात : घंटिकांचे दृश्य मात्र चुकवू नका.

कस्तुरी : दिग्दर्शक ओझूंच्या 'इक्विनॉक्स फ्लॉवर'मध्येही (1958) त्या आहेत, 118 मिनिटांचा आहे. पण भूमिका धाकट्या मुलीची, लहानशी. त्यासाठी रविवार घालवू नये.

निशिगंध : सर्वांचे मनापासून आभार. आम्ही 'इक्विनॉक्स फ्लॉवर'च पाहणार आहोत. मियुकींच्या आई मिचिको कुवानो यांनी ओझूंच्याच 1937च्या चित्रपटात भाचीची भूमिका केली होती. 1946 साली त्या वारल्या, तेव्हा मियुकी चार वर्षांच्याही नव्हत्या. हे आईला वाचून दाखवले, तर ती म्हणाली, "भूमिका लहान असली तरी चालेल. लेक आईच्या दिग्दर्शकाकडे कशी वावरते, ते मला पाहायचे आहे."